सहाव्या फेरीत पाडायचं : कॉर्बेट–कोर्टनी लढत, १८९४

पीटर कोर्टनी हा अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्यातला, ट्रेंटन गावचा मुष्टियोद्धा. ७ सप्टेंबर १८९४ रोजी तो त्या वेळच्या जगज्जेत्याशी, जेम्स जे. कॉर्बेटशी, सहा फेऱ्या खेळला आणि सहाव्या फेरीत आडवा झाला. बॉक्सिंगच्या हिशेबात या लढतीला काडीची किंमत नाही. किताब पणाला लागलेला नव्हता, हजर असलेली माणसं मोजकी होती आणि निकालाबद्दल कुणाला शंकाही नव्हती. चित्रपटाच्या हिशेबात मात्र हे प्रकरण मुळाशी जाऊन बघण्यासारखं आहे, कारण ही लढत यंत्रासमोर झाली, यंत्रासाठी झाली आणि यंत्राच्या मापाने बेतली गेली.

सुरुवातीच्या मूकपटांतल्या मारामाऱ्यांचा विषय निघाला की पहिला प्रश्न येतो, खरी होती की खोटी? इथे तो प्रश्न तोकडा पडतो. ठोसे खरे होते, हातमोजे खरे होते, समोरासमोर उभे असलेले दोघेही पोटासाठी ठोसे खाणारे खरे व्यावसायिक होते. पण फेरी किती वेळ चालायची, मध्ये किती थांबायचं, किती जागेत लढायचं आणि शेवट कुठे करायचा, या चारही गोष्टी सेल्युलॉइडच्या एका पट्टीच्या लांबीने ठरवल्या होत्या.

खोकं आणि फीत

तेव्हा सिनेमा पडद्यावर आलेला नव्हता. एडिसनच्या कंपनीचं कायनेटोस्कोप म्हणजे छातीच्या उंचीचं लाकडी खोकं. वर भिंग बसवलेली खाच, तिला डोळे लावून वाकून उभं राहायचं. आत विजेचा दिवा, त्याच्यावरून सरकत जाणारी फीत आणि मध्ये गरगर फिरणारी, बारीक चीर पाडलेली चकती. एका वेळी एकच माणूस बघणार. फितीची दोन टोकं एकमेकांना जोडून ती खोक्याच्या पोटात चाकांवरून खालीवर फिरवलेली असे, त्यामुळे ती जिथे सुरू होई तिथेच परत येई.

नेहमीच्या खोक्यात जेमतेम पन्नास फूट फीत मावायची आणि ती वीसेक सेकंदांत संपायची. वीस सेकंदांत एक शिंक दाखवता येते, नाच दाखवता येतो, स्नायू फुगवून उभा राहिलेला यूजीन सँडो दाखवता येतो. हे सगळं एडिसनच्या लोकांनी १८९४ च्या पहिल्या काही महिन्यांतच करून टाकलं होतं. १४ एप्रिल १८९४ ला न्यूयॉर्कमध्ये ब्रॉडवेवर अशा दहा खोक्यांचं दुकान उघडलं, पाच खोक्यांच्या एका रांगेला पंचवीस सेंट. गर्दी झाली. पण नवलाई ओसरल्यावर शिंक बघायला परत कोण येणार, हा प्रश्न धंद्यातल्या माणसांना लगेच पडला असणार.

त्या माणसांतच ओटवे आणि ग्रे हे लेथम बंधू होते. सोबत त्यांचे वडील वुडव्हिल लेथम, सॅम्युअल टिल्डन हा भागीदार आणि इनॉक रेक्टर हा यंत्रांत डोकं चालणारा मित्र. त्यांचा विचार सरळ होता. अमेरिकेत बॉक्सिंगचं वेड अफाट, पण पैजेच्या लढतींना जवळपास सगळीकडे कायद्याने बंदी. लोकांना बघायचं असतं आणि बघता येत नाही. अशा वस्तूला गिऱ्हाईक शोधत फिरावं लागत नाही.

अडचण वीस सेकंदांची होती. त्यांनी एडिसनकडून तिप्पट मोठं खोकं बनवून घेतलं. त्यात दीडशे फूट फीत मावू लागली. एका फुटात सोळा चित्रं, म्हणजे दीडशे फुटांत २,४०० चित्रं. सेकंदाला चाळीस या वेगाने घेतली तर बरोबर एक मिनिट होतं, तीसच्या वेगाने घेतली तर एक मिनिट वीस सेकंद. लढतीची फेरी एवढीच असणार, हे खेळाडू ठरायच्या आधीच ठरून गेलं.

हातमोजे घालून खेळायच्या बॉक्सिंगचे जे क्वीन्सबेरी नियम, त्यांप्रमाणे फेरी तीन मिनिटांची आणि विश्रांती एका मिनिटाची. इथे फेरी मिनिटभराची झाली आणि विश्रांतीची लांबी कॅमेऱ्यात नवी फीत भरायला लागणाऱ्या वेळेवर गेली. खेळाडूचा दम भरून आला की नाही याला महत्त्व नव्हतं. घंटा वाजवायची ती फीत चढली की.

रंगीत तालीम : लेनर्ड आणि कुशिंग

पहिला प्रयोग जगज्जेत्यावर करायची हिंमत कुणी केली नाही, आणि ते शहाणपणाचंच होतं. १४ जून १८९४ ला ब्रुकलिनचा मायकेल लेनर्ड आणि जॅक कुशिंग यांना न्यू जर्सीतल्या वेस्ट ऑरेंजला, एडिसनच्या आवारात आणून सहा फेऱ्या खेळवल्या. लेनर्डला दीडशे डॉलर मिळाले, कुशिंगला पन्नास. कोण जिंकणार याचा अंदाज या आकड्यांवरूनच बांधता येतो.

ऑगस्टमध्ये न्यूयॉर्कच्या नॅसॉ स्ट्रीटवर, ८३ नंबरच्या जागेत सहा मोठी खोकी ओळीने मांडली गेली. एका खोक्यात एक फेरी, एका फेरीला दहा सेंट. पूर्ण लढत बघायची तर साठ सेंट मोजा.

या मांडणीकडे जरा थांबून बघायला हवं, कारण पुढच्या सगळ्याची गोम तिच्यात आहे. प्रत्येक फेरी ही वेगळी विक्री होती. पहिल्या खोक्यात दोघे नुसतेच एकमेकांभोवती घुटमळत राहिले तर गिऱ्हाईक दुसऱ्या खोक्यासाठी खिशात हात घालणार नाही. म्हणजे दर मिनिटात काहीतरी घडायला हवं. आणि नॉकआउट तिसऱ्याच खोक्यात झाला तर उरलेल्या तीन खोक्यांत ठेवायचं काय? तो सहाव्यातच व्हायला हवा. ज्याला घाई असेल तो सरळ सहाव्या खोक्याशी जाऊन दहा सेंटांत कार्यभाग उरकेल, हा धोका होताच, पण सहाव्यात काहीच नसण्यापेक्षा तो परवडला.

खऱ्या बॉक्सिंगला हे मानवणारं नाही. खुद्द कॉर्बेटचंच बघा. मे १८९१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत तो पीटर जॅक्सनशी ६१ फेऱ्या खेळला होता आणि शेवटी दोघेही उभे राहण्यापलीकडे काही करत नाहीत म्हणून लढत निकालाविना सोडून द्यावी लागली. ७ सप्टेंबर १८९२ ला न्यू ऑर्लिन्समध्ये जॉन एल. सुलिव्हनला हरवून त्याने किताब घेतला, तेव्हाही २१ फेऱ्या लागल्या. चकवणं, मागे सरणं, समोरच्याला दमवणं ही त्याची शैली. तिला वेळ लागतो, आणि वेळच तेवढा लेथम मंडळींच्या खोक्यात नव्हता.

जगज्जेत्याचा सौदा

तरीही कॉर्बेटच हवा होता, आणि त्यामागे दुकानदारी होती. लेनर्डला न्यूयॉर्कबाहेर फारसं कोण ओळखणार? कॉर्बेटला देश ओळखत होता. बँकेत नोकरी केलेला, नीटनेटक्या कपड्यांचा, गोड बोलणारा हा माणूस ‘जंटलमन जिम’ म्हणून मिरवत होता. किताब मिळाल्यावर त्याचा व्यवस्थापक विल्यम ब्रेडी याने त्याला थेट नाटकात उभा केला. ‘जंटलमन जॅक’ नावाचं ते नाटक त्याच्यासाठीच लिहून घेतलेलं होतं आणि गावोगाव चालत होतं.

रोज रात्री ठरलेल्या वेळी, ठरलेल्या जागी, ठरलेल्या माणसाला हरवायची कॉर्बेटला सवय होती. त्या काळच्या बॉक्सरांना रंगमंचावर खोट्या लढती नव्या नव्हत्या, सुलिव्हननेही त्या केल्या. त्यामुळे कॅमेऱ्यासाठी लढणं म्हणजे खेळाचा अपमान, असलं काही त्याच्या मनात आलं असेल असं वाटत नाही. त्याच्या लेखी हा आणखी एक प्रयोग होता. फरक इतकाच की नाटकाचा प्रयोग रात्री संपतो आणि हा रोज, दहा गावांत एकाच वेळी, त्याच्या गैरहजेरीत चालू राहणार होता. ब्रेडीला ते चांगलंच उमगलं होतं. करार पाच हजार डॉलरचा झाला. त्यातले ४,७५० कॉर्बेटचे, २५० कोर्टनीचे. शिवाय फिती जोवर दुकानांत चालतील तोवर सहा फितींच्या प्रत्येक संचामागे कॉर्बेटला दर आठवड्याला ठरावीक रक्कम. कोर्टनीला असला हिस्सा नव्हता. पडणाऱ्याचं दर्शनही दहा सेंटांनाच विकलं जाणार होतं, पण त्याचा मोबदला एकदाच.

निकाल सहाव्या फेरीत लावायचा, हे ठरलेलं होतं. आपल्याकडे लोक लगेच म्हणतील, ही तर नुरा कुस्ती. मला तसं वाटत नाही. नुरा कुस्तीत दोघे पहिलवान मिळून ठरवतात, एक जण मुद्दाम पाठ टेकवतो आणि फसतो तो प्रेक्षक. इथे कोर्टनीला मुद्दाम पडायची गरजच नव्हती. दोघांत अंतरच एवढं होतं की कधी पाडायचं हे कॉर्बेटने एकट्याने ठरवलं तरी भागत होतं. पाच फेऱ्या हात आखडता घ्यायचा, कोर्टनीला चार ठोसे मारू द्यायचे, खेळ रंगवायचा आणि सहावीत मोकळं सुटायचं. लढतीतला बेत होता तो जोडी निवडण्यात. कमी ताकदीचा पण हिंमतीचा माणूस शोधला की संहिता लिहावी लागत नाही.

काळ्या खोलीतली सकाळ

७ सप्टेंबर, म्हणजे सुलिव्हनला हरवलं त्याला बरोबर दोन वर्षं. कॉर्बेट न्यूयॉर्कहून वेस्ट ऑरेंजला आला. चित्रण जिथे व्हायचं ती वास्तू ‘ब्लॅक मारिया’ नावाने ओळखली जाई. पोलिसांच्या कैदी वाहून नेणाऱ्या काळ्या गाडीला तिकडे तेच नाव होतं, आणि आत शिरलेल्याला तसंच वाटत असणार. लाकडी सांगाडा, आतून-बाहेरून डांबरी कागद, अरुंद, कोंदट. १८९३ मध्ये ती साडेसहाशे डॉलरच्या आतच उभी राहिली होती. छताचा एक भाग झाकणासारखा वर उचलता येई आणि ऊन थेट मंचावर पडे. सूर्य सरकला की अख्खी इमारत त्याच्यामागे फिरवायची. ती मध्यावरच्या खुंटावर तोललेली होती आणि खालून गोलाकार रूळ टाकलेला होता. ढग आले तर मात्र जगज्जेत्यानेही बसून राहायचं.

मागची बाजू काळीकुट्ट ठेवण्याला कारण होतं. सेकंदाला तीस-चाळीस चित्रं घ्यायची तर प्रत्येक चित्राला मिळणारा उजेड नाममात्र. काळ्या पार्श्वभूमीवर गोरी, उघडी अंगं उन्हात झळकली की तेवढ्यातही आकृती स्वच्छ उमटे. बॉक्सर हा त्या कॅमेऱ्याला सर्वांत सोयीचा नट होता, असं म्हटलं तरी चालेल. कपडे कमी, हालचाल भरपूर, आणि आवाजाची गरज नाही.

एडिसनचा सहकारी विल्यम डिक्सन याच्या देखरेखीखाली काम चालू होतं आणि कॅमेऱ्यावर विल्यम हाइज होता. कायनेटोग्राफ, म्हणजे एडिसनचा कॅमेरा, हे धूड हातात धरून फिरवण्यातलं नव्हतं. ते विजेच्या मोटरवर चालायचं, खोलीच्या एका टोकाला असायचं, आणि फार तर आतल्या रुळांवरून मंचाच्या जवळ-लांब सरकवता यायचं. डावी-उजवीकडे वळणं नाही. म्हणून माणसांनीच चौकटीत राहायचं. तेव्हा नेहमीच्या लढतीची रिंग चोवीस फुटांपर्यंत असे. ब्लॅक मारियात एवढी जागाच नव्हती, रिंग तिच्या निम्म्याच्या आसपास. पळायला कोपरा नाही, की कॉर्बेटला आवडतं तसं घोळवत न्यायला मोकळं मैदान नाही. जागा आवळली की आपोआप ठोसे वाढतात, आणि दर फेरीत काहीतरी घडायला हवं ही दुकानाची गरजही भागते.

या चित्रणाचा जो थोडासा तुकडा आज पाहता येतो, त्यात हे सगळं दिसतं. कॅमेरा ढिम्म. दोघे डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत. मागे दोर आणि दोरामागे उभी काही माणसं. कोर्टनी पुढे झेपावतो, कॉर्बेट किंचित मागे झुकून तो ठोसा हवेत जाऊ देतो आणि लगेच डावा हात सोडतो. घाई कशाचीच नाही. कोर्टनीची धडपड खरी वाटते, कॉर्बेटची सहजता त्याहून खरी वाटते. लक्ष देऊन बघितलं तर कळतं की दोघे लांब जातच नाहीत. लढताना शरीर आडवं धरायचं, कॅमेऱ्याला पाठ दाखवायची नाही, हे भान त्या तुकड्यात राखलेलं दिसतं. पुढे सिनेमातल्या मारामारीत जे रीतसर शिकवलं जाऊ लागलं, त्याची ही बाराखडी. कोर्टनी ते भान राखून खेळला की रिंगच्या अरुंदपणाने त्याला तसं खेळायला लावलं, हे वेगळं काढून दाखवता येणार नाही. मला दुसरं कारण जास्त पटतं.

सहा फेऱ्या, प्रत्येक मिनिटभराची किंवा थोडी वर. मध्ये फीत बदलायची, गरज पडली तर इमारत फिरवायची, पुन्हा ‘चला’. सहाव्या फेरीत कॉर्बेटने कोर्टनीला झोपवलं.

कोर्टात खोटी, दुकानात खरी

न्यू जर्सीत पैजेची लढत भरवणं हा गुन्हा होता. दुसऱ्याच दिवशी वर्तमानपत्रांत रसभरित वर्णनं आली, त्यामुळे लपवण्यासारखं काही उरलंच नाही. नेवार्कच्या न्यायाधीशांनी ग्रँड ज्युरीला, म्हणजे खटला भरायचा की नाही हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळाला, या प्रकाराची चौकशी करायला सांगितलं. एडिसनचं नाव गुंतलं आणि त्याने आपला या लढतीशी संबंध नसल्याची भूमिका घेतली. आवार त्याचं, इमारत त्याची, कॅमेरा त्याचा, माणसं त्याच्या पगारावरची. पण लढत म्हणे त्याची नाही! पुढे त्यातून काही निष्पन्न झालं नाही. कुणाला शिक्षा झाली नाही आणि फिती दुकानांत बिनबोभाट चालत राहिल्या.

या प्रकरणातली मला सगळ्यांत रंजक वाटणारी गोष्ट हीच. कायद्याने बंदी होती ती इनामासाठी, शेवटपर्यंत लढायच्या सामन्याला. कौशल्य दाखवायच्या मैत्रीपूर्ण सरावाला, नाटकातल्या मारामारीला कुणाची हरकत नव्हती. म्हणजे कायद्याच्या तावडीतून सुटायचं तर ‘हे सगळं कॅमेऱ्यासाठी रचलेलं होतं’ हाच बचाव उपयोगाचा. आणि खोक्याशी रांग लावायची तर गिऱ्हाइकाला पटवायचं की जगज्जेत्याने खरोखर एका माणसाला बेशुद्ध पाडलं. त्याच सहा मिनिटांना एका दारात खोटं आणि दुसऱ्या दारात खरं ठरायचं होतं. कंपनीला दोन्ही जमलं, कारण वस्तुस्थितीच दोन्हीकडे झुकणारी होती. ही लढत पैशासाठी होती, ठोसे जोराचे होते, माणूस पडला, म्हणून खरी. वेळ, जागा, जोडी आणि शेवट आधीच बेतलेला, म्हणून रचलेली. ज्युरीतल्या माणसांना हे कसं सोडवायचं हे कळलं नसेल तर त्यांना दोष देता येत नाही.

कायनेटोस्कोपच्या छोट्याशा जमान्यात ही लढत सर्वांत गाजलेल्या चित्रणांपैकी ठरली. हिश्शाच्या रूपाने कॉर्बेटला पुढे हजारो डॉलर मिळत राहिले. कोर्टनीचं नाव आज घेतलं जातं ते या सहा फेऱ्यांमुळेच.

एडिसनच्या लोकांना तर हा साचाच सापडला. त्याच वर्षी ब्लॅक मारियात हातमोजे घातलेल्या दोन मांजरांची झुंज झाली, तलवारबाजी करणाऱ्या स्त्रिया आल्या, घोडेस्वारी-नेमबाजीचे खेळ दाखवणाऱ्या बफेलो बिलच्या फिरत्या ताफ्यातल्या दोघा मेक्सिकन कलावंतांनी सुरे परजून दाखवले. यांतल्या कशालाही कायद्याची भीती नव्हती, आणि कशातच नॉकआउटची वाट बघायला लावणारी ओढही नव्हती. मांजरं एकदा बघून माणूस घरी जातो.

मलबार हिलवरची जोडी

साचा सोयीचा होता म्हणून तो एकाच ठिकाणी सुचला असं नाही. मुंबईत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी ७ जुलै १८९६ पासून वॉटसन हॉटेलात झालेले फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या चित्रफितींचे खेळ पाहिले आणि इंग्लंडच्या रायली ब्रदर्सकडून २१ गिनींना कॅमेरा मागवला. ते मूळचे छायाचित्रकार. १८९९ मध्ये आपल्या पहिल्या चित्रणासाठी त्यांनी निवडली ती कुस्ती. हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या दोन पहिलवानांची जोडी त्यांनी कॅमेऱ्यासाठी लावली. फीत धुवायला लंडनला पाठवावी लागली.

एडिसनशी त्यांचा काही संबंध असल्याचं मानायचं कारण नाही, पण गणित तेच पुन्हा पुढे येतं. कॅमेरा हलत नाही, फीत इवलीशी, ऊन हवं, आणि आवाजावाचून, ओळीवाचून कळेल अशी गोष्ट हवी. उघडी अंगं, एका जागी चाललेली झटापट, आणि पाठ टेकली की सगळ्यांना समजणारा शेवट. मुंबईकर छायाचित्रकाराला यासाठी बॉक्सर शोधत कुठे जायची गरज नव्हती, तालमी गल्लोगल्ली होत्या. मोकळ्या बागेतल्या उन्हामुळे इमारत फिरवायचा खटाटोपही वाचला. फक्त दीड-दोन तास चालणारी, हलगीच्या तालावर रंगणारी जंगी कुस्ती त्या फितीत बसणार नव्हती. तिच्यातला मिनिटभरच घ्यायचा, आणि तो मिनिट फुकट जाऊ द्यायचा नाही. सावे दादांची ती फीत आज उरलेली नाही. पण जोडी बोलावून, जागा ठरवून, उजेड बघून लावलेली कुस्ती ही फडातल्या कुस्तीपेक्षा वेस्ट ऑरेंजच्या लढतीची जास्त जवळची नातेवाईक, एवढं नक्की.

लेथम मंडळी खोक्याबाहेर

फेरी खोक्यात मावेल एवढी कापायची की यंत्रच फेरीएवढं करायचं? लेथम मंडळींनी लवकरच दुसरा रस्ता धरला. एका वेळी एकानेच वाकून बघण्यात कमाईला मर्यादा होती. त्यांनी पडद्यावर चित्र पाडणारं यंत्र बनवायला घेतलं. फ्रेंच कारागीर यूजीन लोस्ट त्यांच्याकडे कामाला होता, आणि एडिसनकडे नोकरीत असतानाच डिक्सनही त्यांना आतून मदत करत होता. एप्रिल १८९५ मध्ये डिक्सनने एडिसनला रामराम ठोकला.

लांब फितीची खरी अडचण अशी की कॅमेऱ्यात फीत क्षणभर थांबते, पुढे सरकते, पुन्हा थांबते. गुंडाळीचं वजन वाढलं की त्या हिसक्यांनी ती फाटते. यावर उपाय म्हणून फितीला, जिथे तिच्यावर उजेड पडतो त्या खिडकीच्या अलीकडे-पलीकडे थोडी सैल, वळसा दिलेली ठेवायची, म्हणजे हिसका त्या सैल भागात जिरतो आणि गुंडाळीपर्यंत पोचत नाही. आजही हा ‘लेथम लूप’ म्हणूनच ओळखला जातो. ४ मे १८९५ ला मॅडिसन स्क्वेअर गार्डनच्या गच्चीवर यंग ग्रिफो आणि चार्ल्स बार्नेट यांची लढत त्यांनी न थांबता टिपली आणि २० मे रोजी ब्रॉडवेवर पैसे घेऊन पडद्यावर दाखवली. कॅमेरा बंद न करता एकामागून एक फेऱ्या. जगभर सिनेमागृहांत पुढे शंभरेक वर्षं फिरलेल्या प्रत्येक रिळात हा वळसा होता, आणि तो सुचला बॉक्सिंगची फेरी पुरी बसवायच्या हट्टापायी.

खोटेपणाचा धंदा मात्र यामुळे थांबला नाही, उलट जास्त उघड झाला. १७ मार्च १८९७ ला नेवाडातल्या कार्सन सिटीत कॉर्बेट आणि बॉब फिट्झसिमन्स यांची किताबाची लढत झाली. तिचं चित्रण पडद्यावर यायला मे महिना उजाडला. तेवढ्यात फिलाडेल्फियाच्या सिगमंड लूबिन याने मालधक्क्यावरच्या दोन हमालांना उभं केलं, वर्तमानपत्रातलं फेरीवार वर्णन समोर ठेवलं, आणि त्याबरहुकूम ठोसे मारायला लावून ‘हुबेहूब प्रतिकृती’ म्हणून फिती विकल्या. कोर्टनी निदान बॉक्सर तरी होता.

कार्सन सिटीचं खरं चित्रण केलं ते इनॉक रेक्टरने, खोकं तिप्पट करणाऱ्यांपैकीच एक. रुंद फितीचे तीन कॅमेरे, एकाची फीत संपत आली की दुसरा सुरू, एकूण सुमारे ११,००० फूट. तीन मिनिटांची फेरी तीन मिनिटांचीच, विश्रांती एका मिनिटाची, तीही फितीवर. कॉर्बेट १४ व्या फेरीत पोटावर बसलेल्या ठोशाने खाली बसला आणि किताब गमावला. हा शेवट ना ब्रेडीला हवा होता, ना फितीच्या धंद्याला विशेष सोयीचा.

तरीही जुनी खोड पूर्ण गेली नव्हती. दोघे चौकटीबाहेर जाऊ नयेत म्हणून तिथे चोवीस फुटांऐवजी बावीस फुटांची रिंग बांधून ठेवली होती. पंच जॉर्ज सायलरच्या ते लक्षात आलं, आणि त्याने ती मान्य केली नाही. पुढे फिट्झसिमन्सने नियम मोडला होता का यावर महिनोन् महिने वाद चालला, तेव्हा दोन्ही बाजूंचे लोक तिकीट काढून तीच फीत बघायला जात होते.